ब्लेडच्या कडेवरची हवा

मे महिन्यात भंडाऱ्यात पितळ वितळवणाऱ्या भट्टीवरची हवा नुसत्या डोळ्यांनाही थरथरताना दिसते. त्याच उन्हात चूल पेटवली, तर मागच्या भिंतीवर धुराखेरीज आणखी एक सावली हलते. ती असते तापलेल्या हवेची. या सावलीचा फोटो म्हणजे शॅडोग्राफ. त्याचाच अधिक काटेकोर भाऊ म्हणजे श्लीरेन.

तापली की हवा विरळ होते आणि प्रकाश किंचित कमी वाकवते. हा फरक तापमानाच्या दर अंशाला साधारण दहा लाखांत एक, एवढाच. तो पकडायला लागतात एक अंतर्गोल आरसा, सुईच्या टोकाएवढा दिवा आणि दाढीचं ब्लेड. आरशाच्या वक्रताकेंद्रापाशी दिवा ठेवला की त्याची प्रतिमा शेजारीच पडते. ब्लेडच्या कडेने तिचा निम्मा भाग अडवायचा. ब्लेडमागून पाहिलं की सगळा आरसा एकसारखा राखाडी दिसतो. मग त्याच्यासमोर हात धरा. तळव्याच्या उबेने वाकलेले काही किरण ब्लेडला चुकवून डोळ्यात येतात, काही त्यावर आदळतात. बोटांवरून उजळ-काळे लोळ वर चढू लागतात.

ब्लेडची ही युक्ती फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञ फुकोची, 1850च्या दशकाच्या अखेरची. त्याला हवेशी कर्तव्य नव्हतं, दुर्बिणीचा आरसा तपासायचा होता. काचेतल्या आणि हवेतल्या रेघा पाहण्यासाठी ती रुळवली ऑगस्ट टोपलरने, 1864च्या सुमारास. पुढे एर्न्स्ट माख आणि त्याच्या सहकाऱ्याने सुटलेल्या गोळीपुढची आघातलहर याच कुळातल्या पद्धतीने टिपली.

पुण्यात आयुका या खगोलसंस्थेच्या दुर्बीण बनवण्याच्या कार्यशाळांत फुकोचं मूळ काम हौशी मंडळींनी केलं आहे. अरविंद परांजपे यांचं नाव या खटपटीशी जोडलेलं आहे. कार्बोरंडमच्या भुकटीने काच घासायची, मग डांबराच्या थरावर सेरियम ऑक्साइड लावून चकाकी आणायची आणि ब्लेडपुढे बसायचं. प्रकाशाच्या तरंगलांबीच्या अंशाएवढा उंचवटाही तिथे टेकडीसारखा दिसतो. घासून आरसा तापलेला असतो, म्हणून तो निवेपर्यंत थांबावं लागतं. कुणी मध्येच समोरून गेलं की हवेचे लोळ सगळं चित्र बिघडवतात आणि आरसा घासणारा वैतागतो. आयआयटी मुंबईच्या एरोस्पेस विभागातल्या शॉक टनेलमध्ये मात्र आरसा घासणाऱ्याला नको असलेली हवाच हवी असते. तिथे ध्वनीच्या कित्येक पट वेगाचा झोत काही मिलिसेकंदांपुरता टिकतो, आणि तेवढ्यात वेगवान कॅमेऱ्याला प्रतिकृतीपुढची आघातलहर टिपायची असते. तिथे आरशाने फक्त निर्दोष असावं, स्वतः दिसू नये.

माझ्या मते श्लीरेन प्रयोगशाळेच्या दाराआड ठेवण्याजोगं यंत्र नाही. शाळेच्या कपाटातला अंतर्गोल आरसा चालत नाही, त्याचा पृष्ठभाग फार ढोबळ असतो. पण हाताने घासलेला, चार फूट नाभीय अंतराचा सहा इंची आरसा तुमसर किंवा पवनीच्या शाळेत भिंतीशी उभा करता येईल. त्याच्यापासून आठ फुटांवर एलईडी आणि ब्लेड, मागे मोबाइलचा कॅमेरा. उन्हाळ्यात कूलर बंद करून प्रयोग रात्री करावा लागेल, एवढीच विदर्भाची अडचण. पहिला प्रयोग लायटरचा. ज्योत न पेटवता नुसता गॅस सोडला, तर हवेपेक्षा जड ब्यूटेन नळीच्या तोंडातून खाली ओघळताना दिसतो. सिलिंडरचा गॅस गळून जमिनीलगत का साचतो, हे मग फळ्यावर लिहून सांगावं लागत नाही.