दावा मागे घेणे आणि पुन्हा दाखल करण्याची मुभा

जालना जिल्ह्यातील पिंपळगाव रेणुकाईसारख्या शेतीप्रधान गावातील एका कल्पित वादाने प्रस्तुत विषयाचा आरंभ करणे सोयीचे होईल. समजा, शेजाऱ्याने बळकावलेल्या शेताचा ताबा परत मिळावा म्हणून एका शेतकऱ्याने अकराव्या वर्षी दिवाणी दावा लावला. सुनावणी दोन वर्षे रेंगाळली. मग असे ध्यानी आले की, वादपत्रातील गट क्रमांक व चतुःसीमा चुकीच्या असून त्यांवरून शेत ओळखताच येत नाही. तेव्हा दावा काढून घेऊन नव्याने लावावा, असा सल्ला त्याला मिळाला. हा सल्ला कितपत सुरक्षित आहे?

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील तेविसाव्या आदेशाचा पहिला नियम या प्रश्नाचे मूळ होय. वादीला आपला दावा केव्हाही सोडून देता येतो. परंतु न्यायालयाची परवानगी न घेता त्याने तो मागे घेतला, तर त्याच विषयावर त्याला पुन्हा दावा करता येत नाही. औपचारिक दोषामुळे दावा निष्फळ होणार असेल, अथवा तत्सम पुरेसे कारण असेल, तरच न्यायालय मुभा देऊ शकते. पुरावा कच्चा पडला, हे असे कारण नव्हे. के. एस. भूपती विरुद्ध कोकिला या प्रकरणात द्वितीय अपिलाच्या टप्प्यावर उच्च न्यायालयाने दिलेली मुभा सर्वोच्च न्यायालयाने २००० साली रद्द केली. कारण अशा मुभेने प्रतिवादीच्या पदरी पडलेला लाभ हिरावला जातो.

रिट याचिकांना संहितेचा हा नियम जसाच्या तसा लागू नाही. तथापि सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात (१९८६) सर्वोच्च न्यायालयाने त्यामागील तत्त्व सार्वजनिक धोरण म्हणून अनुच्छेद २२६ खालील याचिकांनाही लावले. मुभा न घेता याचिका मागे घेणाऱ्यास त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात दुसरी रिट याचिका करता येत नाही. दिवाणी दाव्यासारखे अन्य मार्ग मात्र खुले राहतात. बंदीप्रत्यक्षीकरणाच्या याचिकांचा प्रश्न न्यायालयाने यातून वगळला आहे.

परंतु मुभा मिळाली म्हणजे सर्व संकट टळले, असे नव्हे. त्याच आदेशाचा दुसरा नियम सांगतो की, मुदतीच्या दृष्टीने पहिला दावा जणू लावलाच नव्हता असे मानावयाचे. अधिकारक्षेत्राच्या किंवा तत्सम दोषामुळे मुभा मिळाली असेल आणि वादीने पहिला दावा सद्भावाने व तत्परतेने चालविला असेल, तरच १९६३ च्या मुदत कायद्याचे चौदावे कलम त्यात गेलेला काळ वजा करू देते. वर्णनातील स्वतःची चूक सामान्यतः या सवलतीत बसत नाही. उपर्युक्त शेतकऱ्याचे अकरा अधिक दोन मिळून तेरा वर्षे होतात. मालकीहक्कावर आधारलेल्या ताब्याच्या दाव्याची मुदत, शेजाऱ्याचा कब्जा प्रतिकूल झाल्यापासून, बारा वर्षांची आहे. आणि ती उलटल्यावर सत्ताविसाव्या कलमान्वये शेतावरील हक्कच नष्ट होतो.

म्हणून मागे घेण्यापूर्वी दुरुस्तीचा मार्ग तपासावा. सहाव्या आदेशाच्या सतराव्या नियमान्वये वादपत्रातील वर्णन दुरुस्त झाले, तर मूळ दाव्याची तारीख टिकते. साक्षीपुरावा सुरू झाल्यावर मात्र, योग्य दक्षता घेऊनही चूक आधी लक्षात येऊ शकली नसती, हे न्यायालयास पटवावे लागते. यास्तव दुरुस्तीचा अर्ज आधी, मुभेचा नंतर आणि मुदतीचा हिशेब दोहोंच्याही पूर्वी, हाच क्रम इष्ट होय.