समस्येच्या पाटीमागच्या सुमित्रा भावे

दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचा विषय निघाला की आमच्या मुलुंड-घाटकोपरच्या फिल्म सोसायटीवाल्यांत कुणीतरी हमखास म्हणणार, ‘बाई चांगल्या, पण समस्याप्रधान.’ या विशेषणाशी माझं जुनं भांडण आहे. ‘देवराई’ म्हणजे स्किझोफ्रेनिया, ‘नितळ’ म्हणजे कोड, ‘अस्तु’ म्हणजे अल्झायमर, ‘कासव’ म्हणजे नैराश्य. औषधाच्या दुकानात खण लावावेत तशी ही विद्वानांची समीक्षा. रोगाचं नाव कळलं की सिनेमा बघायची गरजच काय?

देवनारच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत शिकलेल्या भावे पुण्यात समाजकार्य शिकवत आणि वस्तीतल्या बायकांवर संशोधन करत. संशोधनाचा अहवाल ज्यांच्याविषयी लिहायचा, त्यांनाच तो वाचता येत नाही, म्हणून त्या कॅमेऱ्याकडे वळल्या. ‘बाई’ (१९८५) या पहिल्याच लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. फ्रान्सच्या अॅन्येस वार्दाही अशाच बाहेरून, छायाचित्रणातून सिनेमात आल्या होत्या. पण वार्दांची नजर तयार होती, भाव्यांचा कान. वर्षानुवर्षं मुलाखती घेऊन कमावलेला कान. तंत्राची बाजू भक्कम करायला एफटीआयआयमधून आलेले सुनील सुकथनकर सोबतीला होतेच.

‘दोघी’ (१९९५) सगळ्यांना पाठ आहे. ‘दहावी फ’ शाळांमधून फिरला. ‘बाधा’, ‘संहिता’ वगैरेंवर इतरांनी लिहावं. मला थांबायचंय ते ‘अस्तु’पाशी.

मोहन आगाशे यांचे चक्रपाणी शास्त्री संस्कृतचे पंडित. स्मृती गळत चाललेली. मुलगी त्यांना गाडीत बसवून जरा खाली उतरते आणि हे हत्तीच्या मागे निघून जातात. इथून दुसऱ्या कुणी शोधाशोधीचा थरार केला असता. भावे त्यांना माहुताच्या संसारात नेऊन बसवतात. अमृता सुभाषची चन्नम्मा कानडी बोलते. शास्त्रीबुवांची विद्वत्ता तिला ठाऊक नाही, आजाराचं नाव तर नाहीच नाही. ती त्यांना लेकरासारखं सांभाळते. तिकडे शिकलेली मुलगी कर्तव्य आणि वैताग यांच्यात पिळून निघते. दोघींपैकी कुणालाही लेखिका शहाणं ठरवत नाही. या सिनेमाच्या संवादांसाठी भाव्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘समस्याप्रधान’ म्हणणाऱ्यांना तो बरा आठवत नाही!

२०१३चा हा सिनेमा चित्रपटगृहात लागायला २०१६ उजाडलं. आणि लागला म्हणजे काय? उपनगरातल्या मल्टिप्लेक्समध्ये मराठी सिनेमाच्या वाट्याला येतात त्या वेळा नोकरदाराला आणि म्हाताऱ्यालाही सारख्याच गैरसोयीच्या. पूर्वी आम्ही सोसायटीचा खेळ संपवून शेवटच्या लोकलपर्यंत स्टेशनबाहेर तावातावानं भांडायचो. आता प्रत्येक जण घरी मोबाइलवर एकटा बघतो आणि अंगठा दाखवतो. भांडायला माणूसच मिळत नाही.

१९ एप्रिल २०२१ला भावे गेल्या. दि. बा. मोकाशींच्या कथेवरचा ‘दिठी’ त्यानंतर महिन्याभरानं ओटीटीवर आला. मुलगा पुरात गमावलेला लोहार, त्याच्यासोबत बसलेले वारकरी, आणि अडलेली गाय. किशोर कदमचा रामजी गायीला सोडवायला उठतो त्या प्रसंगाला कुठली ‘समस्या’ चिकटवणार, ते विद्वानांनी सांगावं.

नव्यानं बघणाऱ्यानं सुवर्णकमळ मिळालं म्हणून ‘कासव’पासून सुरुवात करू नये. आधी ‘वास्तुपुरुष’ बघावा, मुलाला डॉक्टर करण्याचा ध्यास घेतलेल्या उत्तरा बावकरांसाठी. मग ‘अस्तु’, मग ‘दिठी’. ‘कासव’ त्यानंतर बघा, आणि पटलं नाही तर माझ्याशी भांडायला या.