वर्धेच्या खोऱ्यातील आदिमानव : हत्यारे सापडतात, हाडे का सापडत नाहीत?

वर्धा जिल्ह्यातील समुद्रपूर तालुक्यात गिरडच्या टेकडीवर शेख फरीदबाबांचा दर्गा आहे. या टेकडीवर जायफळासारखे दिसणारे गोलसर दगड विखुरलेले आढळतात. बाबांची थट्टा करणाऱ्या फिरत्या व्यापाऱ्यांचा सारा माल दगड झाला आणि तोच येथे पसरला, अशी लोककथा आहे. भूशास्त्र सांगते ते असे : फार पूर्वी लाव्हारस थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले, त्या पोकळ्यांत पुढे झिओलाइट नावाची खनिजे साचली आणि भोवतालचा खडक झिजल्यावर हे गोळे मोकळे झाले. म्हणजे ते जीवाश्म नव्हेत. तथापि, एकेकाळी सजीव असलेल्या गोष्टीचा दगड होऊ शकतो, ही त्या कथेमागील कल्पना मात्र खरी आहे.

मृत प्राण्याचे हाड उघड्यावर राहिले, तर कोल्हे-तरस, ऊन-पाऊस आणि सूक्ष्मजीव यांच्या तडाख्यात ते काही वर्षांत नाहीसे होते. तेच हाड पुराच्या गाळात लवकर गाडले गेले, तर निराळी प्रक्रिया सुरू होते. जमिनीत मुरणारे पाणी आपल्याबरोबर विरघळलेली खनिजे आणते. ती हाडाच्या सूक्ष्म छिद्रांत साचतात. हजारो वर्षांनंतर हाडाचा आकार तसाच राहतो, वजन मात्र दगडाचे होते. हाच जीवाश्म. असा योग फारच थोड्या हाडांच्या वाट्याला येतो आणि गाडले गेलेले हाड पुन्हा उघडे पडून जाणकाराच्या दृष्टीस पडणे हा त्याहूनही दुर्मीळ योग आहे.

विदर्भाला जीवाश्म नवीन नाहीत. चंद्रपूर जिल्ह्यातील पिसदुरा येथील डायनोसॉरचे अवशेष एकोणिसाव्या शतकापासून प्रसिद्ध आहेत. पण ते साडेसहा ते सात कोटी वर्षांपूर्वीचे. मानवाचा वंश इतर वानरांपासून वेगळा झाला, त्याला फार तर सत्तर लाख वर्षे झाली. वर्धा जिल्ह्याचा बराचसा भाग ज्या काळ्या पाषाणावर वसला आहे, तो सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा आहे. त्या खडकात माणसाचे हाड शोधणे व्यर्थ होय. माणसाच्या खुणा शोधायच्या, तर नद्यांनी गेल्या काही लाख वर्षांत आणून टाकलेल्या गोट्यांच्या आणि गाळाच्या थरांतच शोधाव्या लागतात.

सातपुड्यात मुलताईजवळ उगम पावणारी वर्धा नदी जिल्ह्याच्या पश्चिम सीमेवरून वाहते आणि पुढे वैनगंगेला मिळून प्राणहिता होते. या दोन नद्यांच्या खोऱ्यांत पुराश्मयुगीन दगडी हत्यारे सापडलेली आहेत. चंद्रपूरजवळची पापामिया टेकडी हे त्यांतील विशेष प्रसिद्ध स्थळ. हातकुऱ्हाड आणि फरशी ही त्या काळातील ठळक हत्यारे. हातकुऱ्हाड म्हणजे दोन्ही बाजूंनी छिलके काढून घडविलेला, पानाच्या किंवा थेंबाच्या आकाराचा दगड. फरशीला टोक नसते, रुंद धार असते. तमिळनाडूतील अत्तिरमपक्कम येथे याच परंपरेची हत्यारे सुमारे १५ लाख वर्षांपूर्वीची ठरली आहेत. भारतात माणूस किती प्राचीन काळापासून वावरत होता, याची त्यावरून कल्पना येते.

असे एक हत्यार हातात घेतले, तर ते बरेच बोलते. कोणता दगड नीट फुटतो, याचे ज्ञान ते घडविणाऱ्याला होते. ओबडधोबड गोट्यात दडलेला आकार त्याच्या मनात आधीच तयार होता. एकाच ठरावीक आकाराची हत्यारे हजारो वर्षे घडत राहिली, त्याअर्थी एका पिढीने दुसऱ्या पिढीला ते शिकविले असले पाहिजे. धारेची झीज पाहून मांस कापणे, लाकूड तासणे अशा कामांचा अंदाज बांधता येतो. हत्यार आणि त्याचे छिलके एकाच जागी सापडले, तर ते तेथेच घडविले गेले. कडा झिजून गुळगुळीत झाल्या असतील, तर ते नदीने दुरून वाहून आणले, असा निष्कर्ष काढता येतो. मात्र ते घडविणारा हात कसा होता, चेहरा कसा होता, माणसे किती वर्षे जगत, हे दगड सांगू शकत नाही. त्यासाठी हाडच हवे.

मग हाडे का मिळत नाहीत? पहिले कारण असे की दख्खनच्या पठारावरील बहुतेक नद्यांच्या काठी प्राचीन गाळाचे थर पातळ आणि तुटक आहेत. दुसरे असे की जगात अनेक ठिकाणी मानवी अवशेष चुनखडीच्या गुहांनी जपले. लाव्हाच्या प्रदेशात तशा गुहा नाहीत. तिसरे कारण आपल्या काळ्या मातीचेच. ही माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते. वर्षानुवर्षे चालणाऱ्या या ताणात पुरलेले हाड मोडते, त्याचा चुरा होतो.

या पार्श्वभूमीवर सातपुड्यापलीकडील एका शोधाचे महत्त्व लक्षात येते. नर्मदेचे खोरे ही भूपृष्ठाची खचलेली लांब पट्टी आहे. तेथे गाळ खोलवर साचला आणि त्यात हाडे टिकली. ५ डिसेंबर १९८२ रोजी भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण विभागाचे अरुण सोनकिया यांना मध्य प्रदेशातील सीहोर जिल्ह्यात, नर्मदाकाठच्या हाथनोरा गावाजवळ, मानवी कवटीचा जीवाश्म मिळाला. वर्ध्यापासून हे ठिकाण सरळ रेषेत सुमारे अडीचशे किलोमीटर अंतरावर आहे. कवटी पूर्ण नव्हती. तिचा मुख्यतः उजवा भागच शिल्लक होता आणि जबडा व दात नव्हते. तिच्या थरात हातकुऱ्हाडी होत्या, तसेच स्टेगोडॉनसारखे आज नामशेष झालेले हत्ती, पाणघोडे, घोडे आणि रानबैल यांचे अवशेषही होते. पाणघोडे होते, म्हणजे बारमाही खोल पाणी होते. घोडे आणि बैल होते, म्हणजे काठावर गवताळ माळ होते. कवटीभोवतीच्या हाडांनी त्या माणसाचा सारा परिसर असा डोळ्यांपुढे उभा केला.

कवटी कोणत्या मानवाची, यावर मात्र मतभेद झाले. सोनकिया यांनी तिला प्रारंभी 'होमो इरेक्टस'ची, म्हणजे ताठ चालणाऱ्या आदिमानवाची, एक भारतीय उपजाती मानले. अमेरिकन मानवशास्त्रज्ञ केनेथ केनेडी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९१ मध्ये निराळे मत मांडले. कवटीची धारणक्षमता ११५५ ते १४२१ घनसेंटिमीटर असावी, म्हणजे मेंदू आजच्या माणसाच्या मेंदूच्या जवळपास पोचला होता; म्हणून ती आद्य स्वरूपाच्या 'होमो सेपियन्स'ची मानावी, असे त्यांचे म्हणणे. कवटी बहुधा एका प्रौढ स्त्रीची असावी. तिचे वय किमान दोन लाखांहून अधिक वर्षे मानले जाते. काहींच्या मते ते पाच लाखांच्याही मागे जाते. पुढे हाथनोरा परिसरातच मिळालेल्या गळ्याच्या हाडाचे वर्णन अनेक राम सांख्यान यांनी १९९७ मध्ये प्रसिद्ध केले. ती व्यक्ती ठेंगणी असावी, असे त्यावरून दिसले.

हा वाद मिटणे सोपे नाही. चीनमधील हार्बिन येथील कवटी 'डेनिसोव्हन' या लुप्त मानवगटाची असल्याचे २०२५ मध्ये प्रथिनांच्या आणि दातांवरील कीटणातून मिळालेल्या डीएनएच्या आधारे दाखविण्यात आले. नर्मदेच्या कवटीला दात नाहीत आणि उष्ण प्रदेशात डीएनए फार लवकर नष्ट होतो. तुलनेसाठी दुसरी कवटी मिळणे, हाच खरा मार्ग आहे आणि ती याच खोऱ्यांतून मिळायला हवी.

हाड नसतानाही बारीकसा पुरावा किती उपयोगी पडतो, हे जळगाव जिल्ह्यातील पाटणे येथे दिसते. शां. अ. साळी यांनी १९७०च्या दशकात केलेल्या उत्खननात तेथे शहामृगाच्या अंड्यांच्या कवचाचे तुकडे आणि मणी मिळाले. त्यांचा काळ सुमारे २५ हजार वर्षांपूर्वीचा. तेव्हा महाराष्ट्रात शहामृग होते, हवामान आजच्यापेक्षा कोरडे होते आणि अंडे खाऊन झाल्यावर त्याच्या कवचाचा दागिना करण्याची हौस माणसाला होती, इतके सारे त्या तुकड्यांनी सांगितले.

येथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. वर्धा जिल्ह्यातील खैरवाडा येथील शिळावर्तुळे अनेकांना अश्मयुगीन वाटतात. वस्तुतः विदर्भातील ही वर्तुळे सुमारे अडीच-तीन हजार वर्षांपूर्वीच्या, लोखंड वापरणाऱ्या आणि घोडे बाळगणाऱ्या लोकांची दफने आहेत. हाथनोराची स्त्री आणि हे लोक यांच्यात लाखो वर्षांचे अंतर आहे. तरीही या वर्तुळांत मानवी हाडे अनेकदा तुकड्यांच्याच रूपात मिळतात. तीन हजार वर्षांत ही गत, तर तीन लाख वर्षांपूर्वीचे हाड टिकण्याची शक्यता किती अल्प, हे वेगळे सांगायला नको.

म्हणूनच जे थर उरले आहेत, ते मोलाचे आहेत. नदीकाठची रेती, मुरूम आणि गोटे यांचा उपसा होतो, तेव्हा गाळाबरोबर त्यातील हत्यारे आणि कदाचित एखादे हाडही खडी होऊन रस्त्याखाली जाते. शेत सपाट करताना वर्तुळांचे दगड बांधावर जातात. यात कोणाचा दुष्ट हेतू नसतो. ओळख नसते एवढेच. जीवाश्माचे अर्धे मोल तो ज्या थरात असतो, त्या थरात असते. घरी आणून कपाटात ठेवलेली हातकुऱ्हाड हा केवळ सुबक दगड असतो. जागेवर असलेली हातकुऱ्हाड हा पुरावा असतो.

दरडीतून डोकावणारे वजनदार, दगडासारखे हाड किंवा दोन्ही बाजूंनी घडविलेला दगड दिसला, तर तो उपटू नये. जागेची नोंद करावी, छायाचित्र घ्यावे आणि तहसील कार्यालयाला, राज्याच्या पुरातत्त्व विभागाला किंवा भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या नागपूर येथील कार्यालयाला कळवावे. नर्मदेच्या काठी एका सजग नजरेने भारताच्या मानवेतिहासात लाखो वर्षांची भर घातली. वर्धेच्या काठावरही असे थर आहेत. ते उपसले जाण्याआधी कोणीतरी पाहायला हवेत.