पानाखालची रात्रपाळी

कोस्टा रिकातल्या मोंतेव्हेर्देच्या डोंगरावर पावसाळ्यात अंधार पडला की ओढ्याकाठून बारीक, तीक्ष्ण शीळ ऐकू येते. आवाजाच्या रोखानं विजेरीचा झोत टाकला तरी बहुतेकदा नुसती ओली पानंच दिसतात. शीळ घालणारा पानाच्या खालच्या अंगाला चिकटलेला असतो. पोपटी रंग, पाठीवर पिवळसर ठिपके, लांबी जेमतेम अडीच सेंटिमीटर. हा फ्लाइशमनचा काचबेडूक. पोटाची कातडी इतकी पारदर्शक की आतल्या अवयवांची मांडणी बाहेरून कळते.

त्याच पानाखाली अंड्यांचा पातळ थर आहे. मादी अंडी घालून निघून गेली. पुढची सगळी उस्तवार बापाची.

बेडकाच्या अंड्याला कवच नसतं. भोवतीचा बुळबुळीत थर पाणी धरून असतो आणि पाणी तुटलं की आक्रसत जातो. म्हणून हा नर आधी स्वतः पाणी भरून घेतो, तेही तोंडानं नव्हे, तर ओल्या पानावर बसून पोटाच्या कातडीतून. मग अंड्यांवर पोट टेकवतो आणि मूत्राशयात साठलेलं पाणी त्यांच्यावर सोडतो. जरा वेळानं उठतो, बाजूला सरकतो, पुन्हा शीळ घालू लागतो. वेगवेगळ्या माद्यांनी दिलेल्या दोन-तीन पुंजक्यांची राखण एकाच वेळी करणारेही असतात. एवढ्याशा जिवाचं हे काम पाहताना मन भरून येतं.

हे काम ठरावीक वेळापत्रकानं चालत नाही. जीवशास्त्रज्ञ जेसी डेलिया आणि सहकाऱ्यांनी मेक्सिकोत याच जातीवर केलेल्या अभ्यासात दिसलं, की हवा कोरडी झाली आणि अंडी सुकू लागली की बाप जास्त राबतो. बापाला दूर केल्यावर काय होतं, हेही त्यांनी तपासलं. 2014 साली प्रसिद्ध झालेल्या त्या कामाचा निष्कर्ष थक्क करणारा आहे: पोरकी झालेली पिल्लं सुकून मरण्याआधीच, अपुऱ्या वाढीनिशी अंड्यातून बाहेर पडून खालच्या ओढ्यात उडी घेतात. बाप हजर असला तर तीच पिल्लं पानावर जास्त दिवस राहून वाढतात.

रात्रभर राबलेला बेडूक दिवसा पानावर झोपतो. तेव्हा तो रक्तातल्या सुमारे 89 टक्के तांबड्या पेशी यकृतात दडवतो आणि आणखी पारदर्शक होतो, असं 2022 मध्ये उघड झालं. एवढ्या पेशी एका जागी दाटूनही गुठळी कशी होत नाही, याचा शोध वैद्यकालाही उपयोगी पडू शकेल.

या बापाला जी ओल लागते, ती मोंतेव्हेर्देला पुरवतं ते धुकं. कॅरिबियन समुद्रावरून येणारे व्यापारी वारे तिलारानच्या डोंगरांवर चढतात, थंडावतात आणि जंगलातच ढग बनतात. 1999 मध्ये शास्त्रज्ञ अ‍ॅलन पाउंड्स आणि सहकाऱ्यांनी दाखवलं, की तिथले धुक्याविना जाणारे कोरडे दिवस वाढत चालले आहेत. तिथल्या सुमारे 30 चौरस किलोमीटर परिसरातल्या बेडकांच्या 50 जातींपैकी 20 जाती दिसेनाशा झाल्या होत्या. फक्त याच डोंगरांवर सापडणारा सोनेरी भेक 1989 नंतर कुणालाच दिसलेला नाही. या ऱ्हासात बेडकांना मारणाऱ्या कायट्रिड बुरशीचा वाटा किती आणि हवामानाचा किती, यावर शास्त्रज्ञांचा वाद आजही चालू आहे. फ्लाइशमनच्या काचबेडकाची जात मेक्सिकोपासून दक्षिण अमेरिकेपर्यंत पसरलेली असल्यानं ती धोक्याच्या यादीत नाही. पण कोरड्या रात्री अंडी भिजवायला लागणारं पाणी त्याला त्याच जंगलातल्या ओल्या पानांवरून मिळवावं लागतं.