सही करायच्या आधी नकाशा बघा

मैत्रिणींनो, माझं माहेर मावळात, कामशेतजवळ. सासर तळेगावात. लोणावळा लोकलने येता-जाता खिडकीतून सगळं बघत आले. २००२ मध्ये द्रुतगती मार्ग पूर्ण झाला, मुंबई जवळ आली आणि भाताच्या खाचरांना भलताच भाव आला. आधी चुन्याच्या रेघा, मग मुरमाचा भराव, मग कंपाउंड. कमानीवर नाव मात्र हमखास ‘ग्रीन’ काहीतरी!

खाचर म्हणजे नुसतं शेत नव्हे. डोंगरावरचं पाणी वरच्या खाचरात थांबतं, भरलं की बांधावरून खालच्या खाचरात उतरतं. लोणावळ्यात वर्षाला चार हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस. तो एकदम इंद्रायणीत धावत सुटू नये, ही सोय या बांधांनी पिढ्यान्‌पिढ्या केली. बांध मोडून भराव टाकला, ओढा पाइपात कोंबला, की पाणी जाणार कुठे? आमच्या आळीत ते ओसरीपर्यंत आलं. आणि त्याच आळीतली विहीर मार्चमध्ये तळाला!

ज्या ‘इंद्रायणी’चा भात शिजला की शेजारणीला कळतं, तो वाण वडगाव मावळच्या कृषी संशोधन केंद्रातूनच १९८७ मध्ये आला. तो लावायची जागाच आता प्लॉटखाली चाललीय.

यात बायकांचं काय, असं वाटेल. हिंदू वारसा कायद्यातल्या २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित जमिनीत मुलीला मुलाइतकाच हक्क दिला. म्हणून तर विक्रीच्या दिवशी दलाल बहिणींना गाडी पाठवतो. नोंदणी कार्यालयाच्या बाकावर ठेवणीतल्या साड्या नेसून बसलेल्या बायका मी पाहिल्यात. ‘ताई, इथे सही, इथे अंगठा.’ काय लिहिलंय, कुणी वाचून दाखवत नाही. मग एक पाकीट, एक साडी, झालं.

गेल्या दिवाळीत माझा भाऊही कागद घेऊन आला. त्याचंही खोटं नाही. लावणीला माणसं मिळत नाहीत, मजुरी वाढली, पोराची फी भरायचीय. विकूच नको, असं मी तळेगावात पंख्याखाली बसून कुठल्या तोंडाने सांगू? पण नकाशा मागितला. त्यात ओढ्याच्या जागी रस्ता होता! म्हटलं, ओढ्याकाठची दोन खाचरं आणि विहीर वगळा, ओढा उघडा ठेवा, मग सही करते. भाऊ चिडला, न जेवता गेला. वहिनीचा रात्री हळूच फोन, ‘वन्सं, बरं केलंत. उन्हाळ्यात टँकरमागे मलाच पळावं लागतं.’

तुमच्याकडे कागद आले तर सातबारा आणि नकाशा दोन्ही मागा. घरी आणून, जाणत्याला दाखवून, सावकाश वाचा. ओढा, विहीर, पाणंद कुठे आहे ते बोट ठेवून विचारा.

दलाल अजून फोन करतो. ‘ताई, तुमच्या म्हणण्याप्रमाणे केलं तर सहा प्लॉट कमी होतात.’

होऊ देत की.