गृहकर्जाचा हप्ता आणि खरी किंमत
गृहकर्ज घेताना घरात चर्चा होते ती हप्त्याची: महिन्याला किती जाणार, पगारात बसणार का. खरा खर्च मात्र मुदतीत दडलेला असतो. 50 लाखांचे कर्ज 8.5 टक्के दराने 20 वर्षांसाठी घेतले, तर हप्ता सुमारे 43,390 रुपये पडतो आणि एकूण परतफेड 1 कोटी 4 लाखांवर जाते. पहिल्या हप्त्यातले 35,417 रुपये व्याजातच जातात. मुद्दल फिटते जेमतेम आठ हजारांनी. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ 14 वर्षे लागतात.

दर बदलता असेल तर हे गणितही टिकत नाही. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर 4 वरून 6.5 टक्क्यांवर नेला. तेव्हा अनेकांचा हप्ता तोच राहिला, मुदत मात्र निमूट वाढली. वरच्या कर्जाचा दर सुरुवातीलाच 9.5 टक्के झाला आणि हप्ता तेवढाच ठेवला, तर 20 वर्षांची सुमारे पावणेसव्वीस होतात!

उलट, दरवर्षी एक हप्ता जादा भरला तर कर्ज तीन वर्षांहून अधिक काळ आधी फिटते. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंडही बँकांना लावता येत नाही. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला 2 लाखांपर्यंत वजावट मिळते, पण त्यासाठी कर्ज रेंगाळत ठेवणे आतबट्ट्याचेच: 30 टक्क्यांच्या टप्प्यातही रुपयाभर व्याजामागे वाचतात साधारण तीस पैसे.