गुंटूरची मिरची, कोकणचं तिरफळ आणि चिनी कढई

हैदराबादेत चिकन-मटणाची दुकानं गल्लोगल्ली आहेत, पोर्क मात्र शोधावं लागतं. ते मिळण्याची शक्यता जास्त सिकंदराबादच्या बाजूला. १८०६ मध्ये नाव मिळालेल्या या इंग्रजी छावणीच्या आसपास अँग्लो-इंडियन आणि इतर ख्रिस्ती कुटुंबं वसली. पार्क लेनवरचं 'नानकिंग' हे शहरातलं जुनं चिनी हॉटेलही याच भागातलं. हॉटेलात मिळतं तसं कोरडं, झणझणीत पोर्क घरी करायला गेलं, की अनेकांची गाडी एकाच ठिकाणी अडते. मांसाला पाणी सुटतं आणि ते खमंग परतलं जाण्याऐवजी नुसतंच उकडतं.

दोष मसाल्याचा नसतो, आचेचा असतो. हॉटेलातल्या भट्टीची आच घरच्या शेगडीच्या कितीतरी पट असते. घरी पाव किलो थंडगार मांस एकदम कढईत टाकलं की कढई निवते आणि पाणी आटेपर्यंत तापमान १०० अंशांपाशीच घोटाळत राहतं. मांसाला तांबूस रंग आणि खमंग वास येतो तो साधारण १४० अंशांच्या वर. म्हणून जाड लोखंडी कढई धूर येईपर्यंत तापवायची आणि मांस दोन-तीन वेळा थोडंथोडं परतायचं. एवढं पाळलं तरी निम्मं काम झालं.

मांडीचं, थोडी चरबी असलेलं मांस घ्यावं. अर्धा तास फ्रीजरमध्ये ठेवलं की ते घट्ट होतं आणि सुरीने पातळ काप सहज निघतात. धाग्यांना आडवं कापलं की चावायला मऊ लागतं. पाव किलो कापांना चमचाभर सोया सॉस, चमचाभर कॉर्नफ्लोअर आणि थोडं तेल चोळून वीस मिनिटं ठेवायचं. कॉर्नफ्लोअरच्या पातळ थरामुळे आतला रस टिकतो.

आता तिखट. सिचुआन प्रांताच्या स्वयंपाकात लाल मिरचीसोबत एक बारीक फळ असतं, ज्याने जीभ बधिर होऊन झिणझिणते. २०१३ मध्ये लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजच्या संशोधकांनी ते फळ लोकांच्या ओठांना लावून पाहिलं, तेव्हा ती झिणझिण सेकंदाला सुमारे ५० कंपनांसारखी जाणवत असल्याचं दिसलं. या फळाचं सख्खं भावंड मराठी घरांत पिढ्यान्‌पिढ्या आहे: बांगड्याच्या आमटीत पडणारं तिरफळ. दोन्ही झाडं एकाच कुळातली, एकाच प्रजातीगटातली. दोन्हींत काळी बी काढून टाकून वरचं साल वापरतात. तिरफळाचा वास वेगळा आहे, पण या पदार्थात तो फार छान बसतो. कोकणातून पुडी आणणाऱ्या हैदराबादकर मराठी कुटुंबांनी ती माशापुरतीच राखून ठेवू नये. मिरचीसाठी तर लांब जायलाच नको, गुंटूर शेजारीच आहे. सात-आठ सुक्या मिरच्या पुरेत. रंग हवा असेल तर निम्म्या ब्याडगी घ्याव्यात.

परतलेलं मांस बाजूला काढून त्याच कढईत तेल, मिरच्यांचे तुकडे आणि चार-पाच तिरफळांची सालं टाकावीत. मिरची काही सेकंदांत करपते, म्हणून लगेच ठेचलेला लसूण आणि आलं. मग गाजर आणि फरसबी, मिनिटभराने ढोबळी मिरची. भाज्या धुऊन पूर्ण कोरड्या केलेल्या हव्यात, नाहीतर पुन्हा पाणी सुटतं. शेवटी मांस, चमचाभर सोया सॉस, थोडं व्हिनेगर, चिमूटभर साखर आणि मूठभर कांद्याची पात.

पोर्कच्या बाबतीत एक धास्ती खरी आहे. अर्धकच्च्या मांसातून फीतकृमी पोटात जाऊ शकतात, म्हणून एकही काप आतून गुलाबी राहता कामा नये. मेंदूपर्यंत पोहोचणारा आजार मात्र कृमीच्या अंड्यांमुळे होतो आणि ती अंडी न धुतलेल्या भाज्यांतून किंवा दूषित पाण्यातूनही येतात. तेव्हा पोर्क न खाणाऱ्यांनीही भाजी नीट धुवावी.

सोबत बासमतीपेक्षा तेलंगणात रोज शिजणारा सोना मसुरी बरा. त्याच्या आखूड, मऊ दाण्याला कढईतलं तिखट तेल चांगलं लागतं.